बेर्गमानसाहेबांची लेखी परवानगी

अश्लेषा जर्मनीतल्या आखनच्या विद्यापीठात गरिबी आणि वंशभेदावर प्रबंध लिहीत होती. तिचा प्रश्न साधा होता: घर भाड्याने मागताना पगार मोठा की आडनाव? त्यासाठी ती एकाच जाहिरातीला दोन अर्ज पाठवी. एक परक्या नावाच्या, उत्तम पगाराच्या माणसाचा, आणि दुसरा उवे बेर्गमान या अस्सल जर्मन नावाचा. हा उवे तिनेच कागदावर जन्माला घातलेला. दर वेळी तोच जिंकायचा. मग तिने इरेला पेटून त्याची नोकरी घालवली, दोन कुत्री त्याच्या गळ्यात मारली, शेवटी त्याला ड्रमसुद्धा वाजवायला लावलं. पठ्ठ्या तरीही जिंकला!

अशात तिच्या घरमालकाने राहतं घर विकायला काढलं. महिनाअखेर घर सोडायचं होतं, आणि तिला आठवा महिना लागला होता. फ्राउ केस्लर नावाच्या बाईंचं घर तिला मनापासून आवडलं. तिने खऱ्या नावाने अर्ज केला. आता कोणीही शहाणी बाई इथे थांबली असती. हिने सोबत बेर्गमानचाही पाठवला.

"अगं, आपल्याच घरासाठी?" तिच्या नवऱ्याने, श्रीरंगने, कपाळाला हात लावला.

"जोडी असल्याशिवाय डेटा व्हॅलिड नसतो रे."

घर बेर्गमानला मिळालं. अश्लेषा संशोधक म्हणून हरखली आणि भाडेकरू म्हणून ढसाढसा रडली. दुसऱ्या दिवशी दोघं केस्लरबाईंकडे गेले. असा माणूसच नाही, तो आपण बनवला, हे तिने मान खाली घालून कबूल केलं.

"नाही?" बाईंनी चष्मा पुसला. "मग कुत्रीही नाहीत?"

"नाहीत."

"आणि ड्रम?"

"तेही नाहीत."

"मग तर फारच उत्तम. घर त्यांनाच."

"पण आम्ही खरे आहोत! दोघांनाही नोकरी आहे," श्रीरंग म्हणाला.

"गेनाऊ, अगदी बरोबर. तुमच्याबद्दल माझं काहीच वाईट मत नाही. पण मी तुम्हाला ओळखत नाही. बेर्गमानसाहेबांनी किती मोकळं पत्र लिहिलंय, पाहा." बाईंनी पत्र दाखवलं. अश्लेषाने त्यावर अख्खी दुपार घालवली होती.

शेवटी बाईंनाच दया आली. घर बेर्गमानच्या नावावर राहील, या दोघांनी त्याचे उंटरमीटर, म्हणजे पोटभाडेकरू, म्हणून राहावं. मात्र त्याची लेखी परवानगी हवी.

"चल, निघू इथून," श्रीरंग तडकला.

"कुठे?" अश्लेषाने विचारलं.

ती बाहेर जिन्यावरच बसली आणि मांडीवर कागद घेऊन बेर्गमानच्या वतीने लिहू लागली. प्रथम परवानगी लिहिली. मग पेन थांबेचना. श्रीरंगने खांद्यावरून वाकून वाचलं. दर शनिवारी जिना पुसावा. बेलवर पोटभाडेकरूंचं नाव लावू नये. रविवारी बाळाने रडू नये.

"हे काय लिहिलंस?" त्याचा आवाज चिरकला. "आपलं बाळ आहे ते!"

अश्लेषाने पुन्हा वाचलं. हे लिहायला तिला कोणीही सांगितलं नव्हतं.

"खोड ते," श्रीरंग म्हणाला.

"नको. हे नसलं तर बाईंना पत्र खरं वाटणार नाही," ती म्हणाली, आणि तिने बेर्गमानची सही केली.