राजवाडे, किनारे आणि येळवस

लातूर जिल्ह्याला समुद्र नाही, हे सोमेश बिरादारला ठाऊक होतं. नववीला भूगोलात त्याला बासष्ट मार्क होते. तरीही त्याने चकचकीत कागदावर छापून घेतलं: 'राजवाडे आणि किनारे. गाईडसह एक दिवसाची सहल. मोजकीच माणसं.' त्याचं म्हणणं सरळ होतं. किनारा म्हणजे पाण्याची कड. समुद्राचं नाव आपण कुठं घेतलंय? पाणी धरणाचं होतं, कडेला दोन गावं होती आणि त्यातल्या एका गावात तळलेले मासे मिळत. राजवाडा म्हणजे कौळवाडीची गढी. तिथे राहून गेलेला शेवटचा जहागीरदार दुपारी बारापर्यंत झोपायचा असं गावकरी सांगत. एवढा पुरावा सोमेशला राजेपणासाठी पुरला.

पण या कागदावर त्याचं आयुष्य टांगलं होतं. उदगीरला त्याच्या सासऱ्याची, नागप्पांची डाळमिल होती. नागप्पांना मुलगी एकच, मंजुश्री, आणि जावयाने आपल्या शेजारी मिलच्या गादीवर बसावं अशी त्यांची लग्नापासूनची इच्छा. ती गादी नुसती आठवली तरी सोमेशला पळून जावंसं वाटायचं. दिवसभर तुरीची धूळ खायची, काट्याकडे डोळे लावायचे आणि माल घेऊन आलेल्या शेतकऱ्याला तोंड वाकडं करून 'ओला हाय' म्हणायचं. त्यापेक्षा त्याला माणसं गाडीत घालून हिंडवायची होती, खिडकीबाहेर बोट करून थापा मारायच्या होत्या. दुसरं काही त्याला येत नव्हतं, आणि ते शिकायची त्याची तयारीही नव्हती.

दिवाळीच्या फराळावर नागप्पांनी निकाल लावायचं ठरवलं. पुण्याच्या एका प्रवासकंपनीचा माणूस सहल पाहायला येणार होता. त्याने ती कंपनीच्या यादीत घेतली तर जावई मोकळा. नाही घेतली तर सहलीनंतरच्या सोमवारपासून गादी. निकाल डोळ्यांदेखत लागावा म्हणून नागप्पा स्वतः सहलीला येणार होते, आणि तेही पुढच्या सीटवर.

तारीख मात्र सोमेशने ठरवली, येळवशीची.

"येळवशीला?" मंजुश्रीच्या हातातलं लाटणं थांबलं. "येळवशीला कुणी सहल काढतं का?"

"रस्ते मोकळे राहतेत. पुण्याचा मानूस खूश होऊन जाईल."

येळवस म्हणजे मार्गशीर्षातली अमावस्या. इकडे तिच्यापुढे दिवाळीसुद्धा दुय्यम. त्या दिवशी दुकानं बंद, हापिसं बंद, शहरात कुत्रीसुद्धा कमी दिसतात, कारण झाडून सगळा जिल्हा शेतात जेवायला गेलेला असतो. रस्ते मोकळे असतात ते त्यामुळेच. पण ज्यांच्याकडे किल्ल्या असतात, हॉटेलं असतात, तीही माणसं शेतातच गेलेली असणार, हा हिशेब सोमेशने केला नाही. पुण्याच्या माणसाने ही चूक केली असती तर तिला अज्ञान म्हटलं असतं. सोमेशने आयुष्यातल्या चौतीस येळवशी शेतात जेवून काढल्या होत्या, त्यामुळे त्याच्या चुकीला नाव ठेवायलाही शब्द नाही.

सकाळी नऊला गाडी निघाली. पुढे नागप्पा. मधे पुण्याचा मृत्युंजय, तिशीतला, पांढरेशुभ्र बूट घातलेला, हातात सतत फोन. त्याच्या शेजारी अंबिकाबाई रत्नपारखी, लातूरच्या निवृत्त भूगोलशिक्षिका. सोमेशला ते बासष्ट मार्क यांनीच दिले होते. मागे पुनम आणि शिवशंकर हे नवं जोडपं. त्यांना मागची सीट मिळाली होती, त्यामुळे राजवाडा आणि किनारा दोन्हींबद्दल त्यांची काही तक्रार नव्हती.

"बिरादार," अंबिकाबाईंनी कागद डोळ्यांजवळ धरला, "किनारा कोणत्या समुद्राचा?"

"पान्याचा, मॅडम."

"मी तुला मार्क जास्तच दिले."

नागप्पा खिडकीबाहेर पाहून गालात हसले.

उदगीर मागे पडलं आणि दोन्हीकडची शेतं बोलू लागली. जागोजागी कडब्याच्या कोपी, म्हणजे येळवशीपुरत्या झोपड्या, उभ्या होत्या, ज्वारीतून लुगडी हलत होती, बांधाबांधावर माणसं उभी राहून रस्त्यावरच्या प्रत्येक वाहनाला हाका मारत होती. येळवशीला शेतात एकट्याने जेवत नाहीत. ओळखीचा, अनोळखी, पाहुणा, पोलीस, कुणीही चालतो, पण कुणीतरी लागतो.

"कुणाकडं बघू नका," सोमेशने घाईने सूचना दिली. "नजरेला नजर भिडली की उतरावं लागतं."

तोवर मृत्युंजयने सभ्यपणे खांद्यावर टॉवेल टाकलेल्या एका माणसाला हात केला होता. टॉवेलवाला थेट रस्त्याच्या मधोमध येऊन उभा राहिला. सोमेशने ब्रेक दाबला.

"दोनच घास," टॉवेलवाला म्हणाला.

येळवशीचे दोन घास म्हणजे भाज्या-डाळींच्या पातळ भज्जीची वाटी, तीही काठोकाठ, बाजरीचे वाफवलेले उंडे, तिळाची पोळी, शेंगदाण्याची पोळी, खीर, आणि हे सगळं खाली ढकलायला मडक्यातली ताकाची आंबील. नको म्हटलं की वाढणारी बाई रुसते आणि हो म्हटलं की आणखी वाढते. गाडी पाऊण तासाने हलली. मृत्युंजयने पँटचं बटण सैल केलं. सोमेशने घड्याळाकडे पाहिलं आणि राजवाड्यात वेळ भरून काढू असं मनाशी ठरवलं.

गढीच्या दरवाजाला हातभर कुलूप होतं. किल्ली राखणदार व्यंकटीकडे आणि व्यंकटी त्याच्या शेतात. सोमेशने गाडी तिकडे घातली. व्यंकटीने सगळ्यांना पाहून दोन्ही हात जोडले.

"किल्ली दे बाबा लवकर," सोमेश म्हणाला.

"किल्ली कुठं पळून जाती का? आधी ताटावर बसा."

पुन्हा भज्जी, पुन्हा उंडे. मृत्युंजय आता भीत भीत खात होता. अंबिकाबाई मात्र रंगात आल्या होत्या. त्यांनी आंबिलीचा तिसरा पेला रिकामा केला आणि ज्वारीच्या मुळांबद्दल व्यंकटीच्या बायकोला माहिती दिली. ती तिला आधीपासूनच होती, पण तिने मान डोलावून ऐकली. कोपीत चुन्याने रंगवलेले पाच दगड मांडले होते. हे पाच पांडव असं सोमेशने सांगितलं. मृत्युंजयने पाचही जणांचे वेगवेगळे फोटो काढले.

एवढ्यात व्यंकटी जेवला आणि कोपीच्या सावलीला आडवा झाला. माणूस झोपतो तसा तो झोपला नाही, एकदम विझलाच. किल्ली त्याच्या करगोट्याला बांधलेली, कमरेच्या डाव्या अंगाला, धोतराच्या आत.

सगळे त्याच्याभोवती उभे राहिले.

"घाला हात, जावईबापू," नागप्पा म्हणाले. "गाईड तुमीच ना."

सोमेश गुडघ्यावर बसला. पुनमने तोंडावर पदर घेतला. सोमेशची बोटं धोतराजवळ पोचली तोच व्यंकटी घोरत डाव्या कुशीवर वळला आणि राजवाडा कायमचा बंद झाला. त्याच्या बायकोने त्याला दोनदा हलवून पाहिलं, मग सांगितलं की हे आता दिवेलागणीलाच उठतील, गेल्या येळवशीलाही असंच केलं होतं.

सोमेशचा चेहरा पडला. मृत्युंजयने फोनवर काहीतरी टिपून घेतलं. नागप्पा मजेत काडीने दात कोरत होते, आणि सोमेशला त्या काडीचा सुद्धा राग आला.

"किनारा तरी उघडा असतो ना?" अंबिकाबाईंनी विचारलं.

किनारा उघडा होता, पण मधे साखराबाईचं शेत होतं. धरणाच्या अगदी कडेला, गव्हाचा हिरवागार तुकडा आणि त्यात तिची कोप. साखराबाई सत्तरीच्या पुढची. तिने हाक मारली नाही, वाटेत येऊन गाडीच्या बॉनेटवर थापच मारली. मग काचेतून तिला पुढच्या सीटवरचा माणूस दिसला.

"अगं बया, शेठ!"

नागप्पांच्या दातांतली काडी थांबली. साखराबाईची तूर दरवर्षी त्यांच्याच मिलला जायची.

"आमी जेवून आलाव, आक्का," ते घाईने म्हणाले.

"मंग परत जेवा. आज काटा न्हाई, आज वजन न्हाई." तिने त्यांना हाताला धरून खाली उतरवलं, पोत्यावर बसवलं आणि ताट पुढे सरकवलं. ताटाच्या काठावरून भज्जीचा ओघळ जमिनीवर आला. "गेल्या साली माज्या तुरीत लई ओल निघाली म्हन्ले तुमी. ह्या भज्जीत किती निघती, बगून सांगा."

शिवशंकर मागून फसकन हसला. नागप्पांनी ताटातल्या पातळ भज्जीकडे पाहिलं, साखराबाईकडे पाहिलं.

"न्हाई आक्का," ते खालच्या आवाजात म्हणाले, "कोरडी ठणठणीत हाय."

"हाव ना? मंग घ्या आनिक."

तिने वाढलं आणि नागप्पांनी खाली मान घालून मुकाट्याने खाल्लं. त्यात टोमणा होता तेवढीच मायाही होती. ज्याने वजनात मारलं त्यालाही ती उपाशी सोडत नव्हती. सोमेशला एकदम भरून आलं. आपण या जिल्ह्याला समुद्र चिकटवत बसलो होतो याची त्याला पहिल्यांदाच मनापासून शरम वाटली.

दिवस कलला. साखराबाईच्या लेकाने कडब्याची पेंढी पेटवली, तिला हेंडगा म्हणतात, आणि तो गव्हाच्या कडेकडेने ती पेटती पेंढी घेऊन पळाला. आसपासच्या शेतांतूनही पेंढ्या पेटल्या. धरणाच्या पाण्यात सगळ्यांचा उजेड पडला. मृत्युंजय पांढरे बूट काढून ढेकळांत उभा राहून शूटिंग घेत होता. नंतर तो धापा टाकतच सोमेशकडे आला.

"घेतली सहल! नक्की घेतली," तो म्हणाला. "राजवाडा काढून टाका. किनारा काढून टाका. फक्त हे ठेवा. दर शनिवारी."

"दर शनिवारी काय, सर?"

"हेच. कोप, मशाल, आजी. बारा जणांचा गट आणू. आजींना पाहुण्यामागे काय द्यायचं ते कंपनी बघेल. त्यांनी फक्त आत्ता मारली तशी थाप गाडीवर मारायची, आणि शेठजींना ते तुरीचं बोलल्या ना, तसं एखादं वाक्य. बरोबर साडेअकराला. जमेल?"

नागप्पा हात धुता धुता थबकले. अंबिकाबाईंनी चष्मा वर केला.

सोमेशने बांधाकडे पाहिलं. साखराबाई तिथे उभी राहून एका ट्रकवाल्याला ओरडत होती. ट्रकवाला हातानेच नको नको म्हणत होता, ती ऐकत नव्हती. शेवटी ट्रक बाजूला लागला आणि तो लाजत खाली उतरला. त्याचं नावगाव तिने विचारलं नाही, आधी तांब्या दिला.

एक 'हाव' म्हणायचा अवकाश होता. गादी सुटली असती, तुरीची धूळ सुटली असती. थापांचं म्हणाल तर सोमेशला त्यांचं वावडं नव्हतं. धरणाचा समुद्र त्यानेच केला होता. त्याने तोंड उघडलं.

"न्हाई," तो म्हणाला.

स्वतःचाच आवाज ऐकून तो दचकला.

"म्हणजे? शनिवार नको? रविवार करू."

"तसं न्हाई, सर. म्हातारी करंल बी. सांगितलं तर साडेअकराला थाप मारंल. पर मला लाज वाटंल." मग त्याने तेच पुन्हा सांगितलं. "लई लाज वाटंल."

मृत्युंजयने फोन खिशात टाकला. "मग अवघड आहे," तो म्हणाला आणि बूट शोधायला गेला.

गाडी परतीला लागली. नागप्पांचे ढेकर तेवढे ऐकू येत होते. मृत्युंजय स्टँडवर उतरला. जोडपं उतरलं. आपल्या नणंदेच्या दारात उतरताना अंबिकाबाईंनी सोमेशच्या पाठीवर हात ठेवला आणि त्या आत गेल्या. सोमेशने गाडी मिलच्या दारात उभी केली. पाटीखाली बंद शटर, आणि त्याच्या आत ती गादी.

"सोमवारी किती वाजता येऊ, मामा?"

"कुठं?"

"मिलला. ठरलं होतं ना."

नागप्पा दार उघडून खाली उतरले आणि दाराला धरून उभे राहिले.

"गिऱ्हाईक हात जोडून उभं, माल समोर, आन् तुमी म्हन्ता लाज वाटती." त्यांनी मान हलवली. "अय्यो शिवा! तुमाला गादीवर बसवलं तर वर्षात मिलला कुलूप लागंल. न्हाई जावईबापू, हे काम तुमचं न्हाई. गाडी चालवा."

एवढं बोलून ते वळले. दोन पावलं गेले आणि परत आले.

"म्हातारीची तूर येईल संक्रांतीनंतर," ते रस्त्याकडे बघत म्हणाले. "त्या दिवशी तुमीच घेऊन या गाडीत. मी काट्याकडं बघनार न्हाई."

ते मिलमागच्या आपल्या घरात गेल्यावर सोमेशने घरी फोन लावला. मंजुश्रीने पहिल्याच घंटीला उचलला.

"कंपनीनं घेतलं का?"

"न्हाई."

"अरे देवा. मग सोमवारपासून मिल?"

"तुज्या बाबांनी बी घेतलं न्हाई."

मग मंजुश्री एवढ्यांदा हसली की त्याला फोन कानापासून लांब धरावा लागला.

"बरं झालं बाई," ती म्हणाली. "कुणालाच नको झालात म्हंजे आता पुरते माझेच. या घरी."

सोमेशने डोळे पुसले आणि गाडी सुरू केली.