भडक चित्र

तावीयाने पिठाची दोन पोती उसवून शिवलेलं कापड अनांगच्या ओट्यावर टाकलं आणि नेहमीचंच सांगितलं, "भडक पाहिजे."

"सिनेमा कसला आहे?"

"मला काय माहीत. टेपवर बाईचं चित्र आहे, मागे समुद्र आहे. पोलीसही असतील. तू भडक कर म्हणजे झालं."

"गेल्या वेळी मी साप घातला होता. सिनेमात साप नव्हताच म्हणे."

"मग तक्रार कोणी केली? साप येईल म्हणून शेवटपर्यंत बसून राहिले ना सगळे."

तावीयाजवळ एक जुना टीव्ही होता, टेप चालवायचं यंत्र होतं आणि एक जनरेटर. हे सगळं पिकअपवर बांधून तो किनाऱ्याकिनाऱ्याने गावं घ्यायचा. दुपारी गाडीतळावर अनांगचं चित्र उभं करायचं आणि संध्याकाळी सिनेमा दाखवायचा, असा त्याचा धंदा. सिनेमा न बघता चित्र काढायचं ही तेशी गावच्या सगळ्याच चित्रकारांची रीत होती. बघून काढलं तर जेवढं आहे तेवढंच निघतं, असं ते म्हणत.

अनांग आधी न्हाव्यांच्या पाट्या रंगवायचा. तावीयाने पहिल्यांदा भडक हा शब्द वापरला तेव्हा त्याने तो रंगाबद्दलचा समजून लाल रंग जास्त लावला. तावीया म्हणाला, अजून थोडं. मग त्याने लाल रंगाचं रक्त केलं. अजून थोडं. मग मुंडकी धडावेगळी झाली, मग बायकांची वस्त्रं आखूड झाली. आठ वर्षं झाली, पण पुरेसं भडक म्हणजे किती, हे तावीयाने कधी सांगितलं नाही आणि अनांगने कधी विचारलं नाही.

या खेपेला त्याने कमरेइतक्या पाण्यात उभी असलेली बाई काढली. पाठमोरी, मान वळवून मागे बघणारी, अंगावर काही नाही. पाठ एका दमात उतरली. चेहरा मात्र येईना. दोनदा पुसला. तिसऱ्यांदा जो आला तो आफोलेचा होता, आणि तो इतका जिवंत होता की पुसायला हात धजला नाही. मग पाठीवर, डावीकडे, कमरेच्या जरा वर, त्याने अर्धगोल भाजल्याचा डाग काढला. तो डागही आफोलेचा होता.

आफोले त्याच अंगणात समोरच्या खोलीत राहायची. नवरा समुद्रावर गेला तो परत आला नव्हता. मातीच्या तीन भट्ट्यांवर माशांना धुरी देऊन, ते विकून तिने एक मुलगी वाढवली होती, आमेर्ले. त्या अंगणात आठ बिऱ्हाडं होती आणि सगळ्यांत मिळून पत्र्याची एक न्हाणी. न्हाणीच्या मागच्या पत्र्याला खिळ्याचं एक भोक होतं. तिथेच पलीकडे अनांगचे रंगाचे डबे असत. पहिल्यांदा त्याची नजर चुकून गेली होती. नंतरच्या वेळांना तसं म्हणता येत नव्हतं.

डाग काढताना त्याने स्वतःची समजूत घातली. हा कोणाला माहीत आहे? माहीत नाही त्याचं नाव कोणी घेणार नाही. चित्र वाळलं, तावीया खूश होऊन घेऊन गेला.

दोन महिन्यांपूर्वी शेजारच्या नुंगुआ गावाहून आमेर्लेसाठी मुलाकडची माणसं दार वाजवायला, म्हणजे मागणी घालायला, आली होती. त्यांनी आणलेली दारूची बाटली आफोलेच्या माणसांनी ठेवून घेतली होती. अशी बाटली घेतली की मुलाकडच्या बायका मुलीच्या घराची चौकशी करतात. घरात कोणाला वाईट रोग आहे का, कोणी चोरी केली आहे का, कोणाचं काही उघड्यावर आलं आहे का, ते बघतात. चांगली तीन स्थळं नाकारून आमेर्ले याच मुलासाठी थांबली होती. दुसरी बाटली आली की लग्न पक्कं; ती कधी येते याची अंगण वाट बघत होतं.

बाटली आली नाही. एका सकाळी मुलाची आत्या शोर्मे आली, बरोबर दोन बायका. दिलेलं पाणी तिने हातातच धरून ठेवलं.

"आफोले, तीन दिवस तू आमच्या गाडीतळावर उभी आहेस. पोरं दगड मारतात, बाप्ये शिट्ट्या मारतात. लग्न आता पुढे न्यायचं नाही असं घरात ठरलं आहे."

"मी कुठे उभी आहे?" आफोलेला खरंच कळलं नाही.

"चित्रात. कपड्यांशिवाय."

अंगणातल्या एका बाईने चुलीवरचं भांडं उतरवलं. अनांग आपल्या ओट्यावर ब्रश धूत होता. पाणी गढूळ झालं तरी तो धूतच राहिला.

"चेहरा सारखा असतो कोणाकोणाचा," आफोले म्हणाली.

"चेहऱ्याचं मीही तेच म्हटलं. पण आपण दोघी एका भट्टीवर वाढलो. गरम फळी तुझ्या पाठीवर पडली तेव्हा पामचं तेल कोणी लावलं? मी लावलं. तो डाग तुझ्या आईने बघितला, मी बघितला आणि तुझ्या नवऱ्याने बघितला असेल. या चित्रकाराला तो दाखवल्याशिवाय कसा कळला?"

सगळ्यांच्या माना ओट्याकडे वळल्या. आफोलेही बघत होती, पण तिच्या नजरेत राग नव्हता. तो काहीतरी सांगेल आणि हे मिटेल, असं तिला वाटत होतं, आणि तेच त्याला सहन झालं नाही.

"मी मनाने काढतो," अनांग म्हणाला. "सावली पडली असेल तशी."

"सावली," शोर्मे म्हणाली. पाणी तसंच ठेवून ती उठली. अंगणातले सर्वांत वडील ओकांते आजोबा मध्ये पडले म्हणून एवढंच ठरलं, की मंगळवारी, होड्या समुद्रात जात नाहीत त्या दिवशी, दोन्हीकडची माणसं बसतील.

त्या दिवसापासून आफोलेचे मासे कमी विकले जाऊ लागले. बायका तिच्याशी बोलत, पण दुसरीकडे बघत बोलत. आमेर्ले तर अंगणात येईनाच.

अनांग नुंगुआला गेला. चित्र गाडीतळावरच होतं. एका कोपऱ्याला चिखल लागला होता, पण डाग अजून स्वच्छ दिसत होता. त्याने ते उतरवून गुंडाळलं तेव्हा तावीयाने अडवलं नाही, फक्त हसला.

"एवढं कशाला मनाला लावून घेतोस? तुझी बायको जाऊन पाच वर्षं झाली. ती विधवा. मंगळवारी सांग की माझं तिच्यावर मन आहे, लग्न करतो. नवऱ्याने बायकोची पाठ बघितली, त्यात कोण काय बोलणार?"

"तिने मला काही दाखवलेलं नाही."

"मग कसं कळलं?"

अनांग गुंडाळलेल्या चित्राला दोरी बांधत राहिला. तावीयाने त्याच्याकडे बघितलं आणि त्याचं हसू ओसरलं. "बरं," तो म्हणाला, "ते मला सांगू नकोस."

परतीच्या वाटेवर तावीयाची युक्ती अनांगच्या डोक्यातून जाईना. आणखी वाईट म्हणजे ती त्याला आवडली होती. सगळं झाकलं जाईल, वर आफोले घरात येईल. हे आपल्याला आवडलं, हे लक्षात आलं तेव्हा त्याच्या कानशिलापर्यंत गरम झालं. तरी तो तिच्याकडे गेलाच.

ती भट्टीवरचे मासे उलटत होती. त्याने चाचरत, तावीयाचं नाव घेत, बोलणं काढलं.

"म्हणजे मी तुझ्यापुढे उभी राहिले हे खरं ठरेल," आफोले म्हणाली.

"लोकांचं बोलणं थांबेल."

"तुझ्याबद्दलचं थांबेल. माझ्या पोरीची आई कशी होती, ते तिला सासरी रोज ऐकावं लागेल." तिने एक मासा उलटला, मग दुसरा. "काल मी न्हाणीत आतून पत्रा चाचपत गेले. बोट बाहेर निघालं तिथे डोळा लावला. तुझे डबे दिसले."

अनांग एक पाऊल मागे, धुरात सरकला.

"मी सांगणार नाही, अनांग. मी सांगितलं तर स्वतःला वाचवायला बोलते म्हणतील. ते तूच सांगायचं. आणि आता धुरात उभा राहू नकोस, डोळ्यांत पाणी आलं की लोकांना भलतंच वाटेल."

मंगळवारी अंगणात बाकं मांडली. मागच्या चर्चमधून चार आणली होती. ओकांते आजोबांनी जमिनीवर दारूचे थेंब वाहिले, पूर्वजांना बोलावलं आणि अनांगला उभं केलं. वडीलधाऱ्यांपुढे उभं राहायचं म्हणून त्याने चपला काढल्या आणि खांद्यावरचं वस्त्र कमरेपर्यंत उतरवलं. एवढ्या लोकांत उघड्या पाठीने उभं राहणं त्याला नवं नव्हतं, पण आज त्याला हात कुठे ठेवावेत ते कळेना.

"तुला काय काढायला सांगितलं होतं?" आजोबांनी विचारलं.

"भडक."

"ते कसं असतं?"

"आजोबा, जे नाही ते आहे असं दाखवायचं. येणाऱ्याजाणाऱ्याला थांबावं लागलं पाहिजे."

"आणि लाज वाटली तरी बघावं लागलं पाहिजे," शोर्मे म्हणाली.

"हो, आत्या. तसंच."

"मग डाग नाही आणि तू आहे म्हणून दाखवलास, असं झालं का?" आजोबांनी विचारलं.

इथे हो म्हटलं असतं तर कदाचित निभावलं असतं. अनांगने समोर बघितलं. आफोले मांडीवर हात ठेवून बसली होती. शेजारी आमेर्ले, डोक्यावरून कापड घेतलेली.

"नाही," तो म्हणाला. "माझ्या सगळ्या चित्रांत साप खोटे, रक्त खोटं. एवढा डाग खरा आहे. आफोलेने मला तो दाखवला नाही. ती माझ्यापुढे कधी उभी राहिली नाही. न्हाणीच्या पत्र्याला भोक आहे. मी तिथून बघितला."

पाठीमागे एक बाप्या हसू लागला होता, तो मध्येच थांबला.

"एकदा?" आजोबांनी विचारलं.

एकदा म्हणायला जीभ वळतच होती. "नाही. पुष्कळदा."

तेव्हा कोपऱ्यातली एक बाई उठली. ती अंगणातल्याच शेवटच्या खोलीत राहायची, रोज सकाळी अनांगला केंके, आंबवलेल्या मक्याचे उंडे, वाढायची. "त्या न्हाणीत आम्ही सगळ्याच जातो, अनांगदादा. आमच्याकडेही बघितलंस का?"

हा प्रश्न येईल असं त्याच्या ध्यानातच आलं नव्हतं. तो आफोलेचं नाव साफ करायला आला होता आणि तेवढंच आपलं पाप आहे असं धरून बसला होता.

"आत कोण आहे ते डोळा लावल्यावर कळायचं," तो म्हणाला. "कळल्यावर लगेच डोळा बाजूला घ्यायचो असं नाही."

अंगणातल्या बायकांनी एकेकीने अंगावरचं कापड ओढून घेतलं, म्हाताऱ्यांनीसुद्धा. अनांगने ते बघितलं आणि मग त्याला मान वर करता आली नाही.

शोर्मे उठून आफोलेपुढे गुडघ्यांवर बसली. "ज्या डागाला मी तेल लावलं, तोच तुझ्याविरुद्ध साक्षीला आणला मी. मला माफ कर."

"ऊठ," आफोले म्हणाली. "तुझे गुडघे दुखतात ते मला माहीत आहे. पोरीचं काय ते बोल."

"दुसरी बाटली शनिवारी येईल."

आमेर्लेने कापडाच्या आत तोंड लपवलं. तिचे खांदे हलत होते.

मग आजोबांनी निवाडा सांगितला. अनांगने एक मेंढा आणि दोन बाटल्या द्याव्यात, आणि नुंगुआच्या गाडीतळावर भर दुपारी उभं राहून आज बोलला तेच बोलावं. अनांगने हलक्या आवाजात विचारलं, की हे अंगण सोडून आपण दुसरीकडे जावं का. खरं तर त्याला तेच हवं होतं.

"नाही," आजोबा म्हणाले. "तू गेलास की लोक म्हणतील आफोलेपायी गेला. इथेच राहायचं. रोज सकाळी सगळ्यांना दिसायचं."

रीत म्हणून एक पेला भरून त्याच्या हातात दिला. त्याने तो दोन्ही हातांनी आफोलेपुढे धरला. तिने घेतला तर भांडण मिटलं. तिने घेतला, पण ओठाला लावला नाही, सगळा जमिनीवर ओतला.

"मिटलं का?" आजोबांनी विचारलं.

"पोरीपुरतं मिटलं," ती म्हणाली. "माझं मी बघेन." आणि ती भट्टीकडे गेली. मासे तसेच राहिले होते.

माणसं पांगली. जाताना लोक एकमेकांचा निरोप घेत होते, पण अनांगच्या जवळ आले की बोलणं थांबत होतं. उभं तरी किती राहायचं म्हणून तो बाकं उचलायला लागला. छोटी दोन त्याने एकट्याने चर्चमध्ये नेऊन ठेवली. मोठं बाक एकट्याला पेलेना. त्याने एक टोक उचलून बघितलं, खाली ठेवलं.

दुसरं टोक कोणीतरी उचललं. आमेर्ले होती. तिने त्याच्याकडे बघितलं नाही, पाठ करून चालायला लागली. तोही मागून निघाला. वाट अरुंद होती, एकापाठोपाठ एक असंच जावं लागे. चारपाच पावलं गेली असतील. आमेर्ले थांबली. तिने आपलं टोक जमिनीवर टेकवलं, दोन्ही हातांनी कापड पाठीवर नीट ओढून घेतलं आणि बाकाला वळसा घालून त्याच्या बाजूला आली.

"काका, तुम्ही पुढे व्हा," ती म्हणाली. "मी मागे धरते."

अनांग पुढच्या टोकाला गेला, वाकला, आणि त्याने बाक उचललं.