शेवटची खिट्टी

चावीमामाला कुलूप हरवू शकत नाही, हे गल्लीतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. चहाचा घोट घशाखाली उतरायच्या आत कुलूप उघडलेलं असायचं. म्हणून तर बँकेचे वसुलीसाहेब हप्ते थकलेल्या घरांचा ताबा घ्यायला निघाले, की आधी मामाला गाडीत घालत. मामाची आपली एक रीत होती. दार उघडलं की पाठ फिरवायची. दुसऱ्याचं घर असं उघडं बघू नये बाबा, पोटासाठी करतोय तेवढं पुरे.

त्या दुपारी गाडी थांबली ती सिस्टरच्या दारात, आणि मामाच्या पायाखालची जमीनच सरकली. सिस्टर म्हणजे इस्पितळातली नर्स. मामाच्या बायकोच्या शेवटच्या आजारात रोज घरी येऊन इंजेक्शन द्यायची आणि पैशाचं नाव काढलं की डोळे वटारायची. नवऱ्याची नोकरी गेली आणि तिचे घराचे हप्ते थकले. आज दोघं कोर्टात गेली होती. दारातच बसवलेलं कुलूप बंद आणि बाहेर तिचा दीर, फोन कानाला लावून.

"साहेब, स्थगिती मिळालीय. फक्त सही व्हायचीय. थोडं थांबा ना!"

"कागद दाखव, आल्या पावली परत जातो," साहेब म्हणाले. माणूस वाईट नव्हता, पण हुकमाचा ताबेदार. "कागद नाही ना? मग मामा, चला."

दीर मामाच्या कानाशी लागला. "मामा, एकदा ताबा गेला की ती स्थगिती घेऊन काय चाटायची? वकील म्हणतो, दार बंद आहे तोवरच आशा आहे."

मामा दारापुढे बसला, तार कुलपात सारली, कान लावला, डोळे मिटले. कुलूप कसलं, गरीब गाय! आतली एकेक खिट्टी आपणहून बाजूला होत गेली. शेवटची उरली. तीही निघालीच होती, तेवढ्यात मामाने तारेने ती तशीच अर्ध्यात धरून ठेवली.

मग वेळ कुठे गेला कोण जाणे. मिटल्या डोळ्यांपुढे कुलूप मोठं मोठं होत गेलं आणि मामा त्यात शिरला. आत गारवा होता, पिवळसर उजेड होता, खोलीतून खोली निघत होती. ज्या घरांकडे त्याने पाठ फिरवली होती, ती सगळी इथे येऊन राहिली होती. एका टेबलावर अर्धवट सोललेलं संत्रं. एका दोरीवर ओले मोजे. तू इथे कसा, असं कुणी विचारत नव्हतं. खिडकीपाशी उन्हात पाय सोडून बायको बसली होती.

"हात दुखतोय ना?" ती म्हणाली.

"दुखू दे गं."

बोटं बधिर झाली होती, पण मामाला इतकं सुख कित्येक वर्षांत लागलं नव्हतं.

"मामा हरले! मामा हरले!" लांबून कुठूनतरी पोरं ओरडत होती.

"अहो, झोपलात की काय? हातोडा मागवू का?" साहेब म्हणाले.

"मागवा की," मामा डोळे न उघडताच म्हणाला. "दार का फोडलं ते पंचनाम्यात तुम्हीच लिहा."

साहेब घड्याळ बघत गाडीला टेकले.

आणि दीर ओरडला, "आला! आदेश आला!" साहेबांनी त्याच्या फोनवर तो वाचला, वरिष्ठांना विचारून घेतलं आणि मान हलवली. पुढच्या तारखेपर्यंत घराला हात लावायचा नाही.

मामाची बोटं सैल पडली आणि साऱ्या गल्लीला ऐकू जाईल असं कुलूप 'खट्' वाजलं. दार आपलं आपण उघडलं.

साहेबांनी दाराकडे पाहिलं, मग मामाकडे.

"मामा, उद्यापासून आमच्या गाडीची वाट बघू नका."

"बरं साहेब."

वाईट वाटलं, खोटं कशाला बोला? निम्मी कमाई त्या गाडीवर होती. पाय इतके अवघडले होते, की मामा तिथेच पायरीवर बसून राहिला.

उन्हं कलताना सिस्टर आली. गल्लीभर धावत आली आणि उघड्या दाराशी येऊन थबकली. कित्येक महिने ती या घरात रोज थोडी थोडी परकी होत गेली होती. तिने चपला काढून हातात घेतल्या, आत वाकून पाहिलं आणि हलक्या आवाजात विचारलं,

"मामा, मी आत गेले तर चालेल ना?"