बाबांचा डाव चालू आहे

आमच्या घरात अबोला धरायचा तर तो चांगला घसघशीत धरतात. माझे यजमान श्रीनाथ आणि आमचा मुलगा अर्णव दिवाळीपासून एकमेकांशी बोलत नव्हते, आणि इकडे वैशाखात आमच्या ओवीचं लग्न होतं. खाण तशी माती, दुसरं काय म्हणायचं! शाळेत पोरांची भांडणं मी मधल्या सुट्टीत मिटवते, पण घरातली ही दोन मोठी पोरं माझ्या हाताबाहेरची.

झालं होतं ते एवढंच. अर्णव हैदराबादला गेम बनवणाऱ्या एका कंपनीत आहे. नवा गेम बाजारात यायच्या आधी तो खेळून बघायचा आणि त्यातल्या चुका शोधायच्या, हे त्याचं काम. दिवाळीच्या फराळाला नातेवाईक जमले होते, कुणीतरी विचारलं, अर्णव काय करतो सध्या? हे म्हणाले, "काम कसलं? खेळतो. खेळायचा पगार घेतो." सगळे हसले. अर्णव हसला नाही. संध्याकाळी बॅग उचलताना मला म्हणाला, "आई, बाबा स्वतः फोन करून बोलावतील तेव्हाच येईन." तो गेल्यावर मी यांना हे सांगितलं, तर यांचं उत्तर तयार, "स्वतःच्या घरी यायला कुणाला आमंत्रण लागतं का?"

सुंभ जळेल पण पीळ जाणार नाही, दोघांचाही. ओवीने भावाला लग्नाची तारीख कळवली, तो "बघतो" म्हणाला. यांना मी फोन करा म्हटलं, हेही "बघू" म्हणाले. मला भीती एकच होती, की हे दोघं असे बघत राहतील, लग्न होऊन जाईल आणि मांडवात माझा मुलगा नसेल.

गेम खेळणारी मुलं गप्पा मारायला डिस्कॉर्ड नावाचं अ‍ॅप वापरतात. आमच्या हॉलमधल्या कॉम्प्युटरवर ओवीचं ते उघडं असतं. त्यात मित्रांच्या नावांची यादी असते, कुणी ऑनलाइन आला की हिरवा ठिपका येतो, आणि तो कुठला गेम खेळतोय ते नावाखाली आपोआप लिहून येतं. एकदा ओवी उठून आत गेली आणि यांना त्या यादीत अर्णवचं नाव दिसलं. हे भिवंडीजवळच्या राहनाळला एका गोदामात डिस्पॅचला, म्हणजे माल रवाना करायच्या कामावर आहेत. कुठला ट्रक कुठवर पोचला हे दिवसभर स्क्रीनवर बघायची सवय, त्यामुळे मुलगाही तसाच दिसतो म्हटल्यावर यांना मोठा आधार वाटला असावा. रोज जेवण झालं की खुर्ची ओढून ओवीच्या शेजारी बसायला लागले. "अजून खेळतोय. जेवला की नाही कोण जाणे," असं स्वतःशीच पुटपुटायचे.

ओवीने मग यांना स्वतःचं खातं काढून दिलं आणि अर्णवला मैत्रीची विनंतीही तिनेच यांच्या नावाने पाठवली. त्याने ती मुकाट्याने स्वीकारली. पुढे दोघांनी एका अक्षराची देवाणघेवाण केली असेल तर शपथ!

"माझ्या नावाखाली काहीच का येत नाही?" एकदा यांनी ओवीला विचारलं.

"बाबा, तुम्ही गेम कुठे खेळता?"

"न खेळता दाखवता येत नाही का?"

ओवीने माझ्याकडे बघितलं. मी भाजी निवडत होते, निवडतच राहिले.

"येतं की," ती म्हणाली. "हाताने टाकायचं. चालू असलेला कुठलाही प्रोग्राम सेटिंगमध्ये जाऊन गेम म्हणून निवडायचा आणि हवं ते नाव द्यायचं. तो प्रोग्राम उघडा असेपर्यंत तेच नाव दिसत राहतं."

त्या कॉम्प्युटरवर यांच्या भरवशाचा प्रोग्राम एकच, कॅल्क्युलेटर. तो निवडला आणि त्याला नाव दिलं 'बुद्धिबळ'. झालं, यांच्या नावाखाली 'प्लेइंग बुद्धिबळ' असं झळकायला लागलं आणि हे मिशीत हसले.

"अहो, त्यापेक्षा दोन ओळींचा मेसेज टाका की त्याला," मी म्हटलं.

"मी कुठे त्याला काही म्हणतोय? मी आपला माझा खेळतोय."

ताकाला जाऊन भांडं लपवणं म्हणतात ते हेच.

दुसऱ्या दिवशी कॅल्क्युलेटर तसाच उघडा ठेवून हे ड्युटीवर गेले. बंद केला तर खेळ दिसणार कसा! "त्याला हात लावू नकोस," असं मला वर बजावून गेले. दुपारी अर्णवचा ओवीला फोन.

"बाबा सकाळपासून बुद्धिबळ खेळतायत. कामावर गेले नाहीत का? आजारी आहेत का? माझ्यापासून लपवू नकोस हं."

ओवीला हसू आवरेना. मी हातानेच खूण केली, सांगू नकोस. "बरे आहेत रे," ती म्हणाली. "विचार करून खेळतात, वेळ लागतो."

मला त्या दोघांचा असा राग आला म्हणून सांगू! एवढा जीव आहे एकमेकांवर, तर तोंडाला काय कुलूप लावलंय? संध्याकाळी हे आले तेव्हा मी सगळं सांगितलं. हे पायातले बूट काढता काढता थांबले.

"आजारी आहेत का, असं विचारलं त्याने?"

"हो."

"म्हणजे नक्की कसं विचारलं?"

मी पुन्हा सांगितलं. जेवताना पुन्हा विचारलं, मी पुन्हा सांगितलं. त्या दिवसापासून आमच्याकडे कॅल्क्युलेटर कायमचा उघडा. कॉम्प्युटर आपला आपण झोपू नये म्हणून ओवीकडून सेटिंगसुद्धा बदलून घेतलं. शाळेच्या निकालपत्रकांची बेरीज मी मोबाईलवर करायला लागले, कारण त्या कॅल्क्युलेटरवर आकडे मारायचीसुद्धा मला बंदी होती.

लग्न जवळ आलं. शेजारच्या शेलार गावच्या गुणाबाई रुखवताच्या कुरडया करायला आल्या. शुक्रवार होता, आमच्या कामतघरातले यंत्रमाग बंद, त्यामुळे गल्लीत शांतता आणि गुणाबाईंचा आवाज घरभर. हे रजा घेऊन पत्रिकांवर नावं घालत बसले होते. तेवढ्यात ओवीच्या सासूबाईंचा फोन आला, कानपिळीला कोण उभं राहणार, त्याला कपडे घ्यायचेत, शर्टाचं माप कळवा. लग्नात नवरीचा भाऊ नवऱ्याचा कान पिळतो, माझ्या बहिणीला नीट सांभाळ म्हणून, आणि त्या भावाला नवऱ्याकडून मानाचे कपडे मिळतात. मी "कळवते" म्हणून फोन ठेवला.

"हितेशचं माप देऊ का?" मी यांना विचारलं. हितेश यांच्या भावाचा मुलगा, दोन गल्ल्या सोडून राहतो.

यांच्या आधी गुणाबाईच बोलल्या. "हितेश कशाला? पोरीला सख्खा भाव हाय ना?"

"आहे. पण यायचं नक्की नाही."

"नक्की न्हाय म्हंजी? कान पिलाचा मान भावाचा हाय. बापानं एक फोन केला तं धावत येल तो. का बापाकं फोन न्हाय?"

लेकी बोले सुने लागे म्हणतात, तसं गुणाबाई बोलल्या माझ्याशी आणि लागलं यांना. यांचं पेन थांबलं. हे उठले. मला वाटलं, फोन घ्यायला उठले. फोन खिशातच होता. हे हॉलमध्ये जाऊन कॉम्प्युटरसमोर बसले.

गुणाबाई गेल्या, ऊन उतरलं, तरी हे तिथेच. मी चहा घेऊन गेले आणि स्क्रीनकडे बघितलं. बुद्धिबळ गेलं होतं. यांच्या नावाखाली आता लिहिलं होतं, 'प्लेइंग कानपिळी, एक गडी कमी'.

मला हसू आलं आणि डोळेही भरून आले. चहा मी तसाच टेबलावर ठेवला.

"बघेल तो," हे म्हणाले.

अर्णवच्या नावापुढे हिरवा ठिपका होता आणि खाली त्याचा नेहमीचा गेम. आम्ही दोघं त्या एका ओळीकडे बघत बसलो. ती काही बदलेना. आणि दिवेलागणीच्या सुमाराला लाईट गेली. भिवंडीत लाईट जाणं ही काही बातमी नाही, पण एरवी साथ देणाऱ्या इन्व्हर्टरनेही त्या दिवशी मान टाकली, कॉम्प्युटर खटकन बंद पडला आणि त्याबरोबर कॅल्क्युलेटर, कानपिळी, गडी, सगळंच.

"गेलं," हे म्हणाले. "त्याने बघितलं असेल का गं?"

"मला काय ठाऊक? तुमच्या कॅल्क्युलेटरला विचारा."

हे चिडले नाहीत. अंधारात बंद स्क्रीनवरून हात फिरवला. मग हळूच म्हणाले, "बघितलं नसेल तर तो यायचाच नाही, विद्या."

ते ऐकून माझा राग कुठल्या कुठे गेला. मी काही बोलायच्या आत यांनी खिशातून फोन काढला आणि नंबर लावला. मी हाताने खुणावलं, स्पीकर लावा. लावला.

"बाबा?"

"हां. मी बोलतोय." यांनी बंद पंख्याकडे बघितलं. "इकडे लाईट गेली आहे."

मी कपाळाला हात लावला. इतक्या महिन्यांनी मुलाशी बोलायचं आणि सांगायचं काय, तर लाईट गेली!

"अर्णव," हे पुढे म्हणाले, "दिवाळीला मी चुकलो रे. सगळ्यांसमोर तुझ्या कामाला हसलो. तू घरी ये. ओवीला भाऊ हवाय, आणि मलाही तू हवायस."

तिकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

"मी बघितलं, बाबा. तिकीटच शोधत होतो, तेवढ्यात तुमचा खेळ दिसेनासा झाला. मी घाबरलो ना."

"त्यात घाबरायचं काय?"

"इतके दिवस कधी बंद नव्हता झाला."

यांनी फोन आणखी जवळ धरला. "तो खरा खेळ नव्हता, माहीत आहे का तुला?"

"दुसऱ्याच दिवशी कळलं. सकाळपासून रात्रीपर्यंत कुणी एकच डाव खेळतं का? चुका शोधायचं तर माझं कामच आहे. पण ही चूक मी कुणाला दाखवली नाही, ओवीलासुद्धा नाही. दाखवली असती तर तुम्ही बंद केलं असतं." मग म्हणाला, "रोज कामाला बसलो की मी आधी तेच बघायचो, बाबांचा डाव चालू आहे ना."

यांनी बाहीने डोळे पुसले. मी फोन हातात घेतला आणि शर्टाचं माप विचारून घेतलं. कुणीतरी शुद्धीवर असायला हवं.

थोड्या वेळाने लाईट आली, पंखा फिरायला लागला. हे तोंड धुऊन आले आणि पहिल्यांदा काय केलं असेल? कॉम्प्युटर चालू करून कॅल्क्युलेटर उघडला आणि पुन्हा 'बुद्धिबळ' असं नाव दिलं.

"आता कशाला?" मी म्हटलं. "बोललात ना एकदाचे!"

"असू दे उघडा," हे म्हणाले. "सकाळी तो कामाला बसेल, तेव्हा बघेल."