इन्शिराहच्या नावाची पट्टी

मी कात्री बोलतेय. कापडासाठी जन्मले, पण कापड मी सहाच वर्षं कापलं. कैरोच्या लोहाराने मला घडवलं आणि इन्शिराहने अलेक्झांड्रियाला आणलं. नवरा वारल्यावर ती तिथल्या एका मूकपट कंपनीत कपडे शिवायची.

मालक उस्ताद लबीब स्वतःच फिल्म कापून जोडायचे. १९२७च्या हिवाळ्यात एका दुपारी इन्शिराहने त्यांच्या मागून डोकावून पाहिलं.

"उस्ताद, नवरी दारात आली तेव्हा शाल डाव्या खांद्यावर, आत गेली तर उजव्या. उंबऱ्यात काय झालं?"

"तू तुझी शिवण बघ, बाई."

"तेच बघतेय. तुमची उसवलीय."

उस्तादांनी हसून खुर्ची दिली. ती पुन्हा उठलीच नाही. पिकल्या केळ्यासारखा वास येणाऱ्या गोंदाने ती श्वास रोखून तुकडे चिकटवायची. आठ महिन्यांनी चित्रपट तयार झाला. सुरुवातीच्या नावांत एक पट्टी होती : 'जोडणी – इन्शिराह मितवल्ली'.

ते कळताच तिचा धाकटा भाऊ शहाता आला. आमच्याकडे बाईला चारचौघांत नावाने हाक मारत नाहीत, मुलाचं नाव घेऊन 'अमक्याची आई' म्हणतात.

"तुझं नाव, वर बापाचंही, भिंतीएवढं दिसणार! कहवाखान्यात तोंड कसं दाखवू? काढ ते. नाहीतर काम सोड आणि घरी चल."

उस्ताद नजर चुकवत म्हणाले, "'हसनची आई' लिहू. भांडण कशाला?"

"कोण हसन? मला मुलगी आहे!"

तिने मला उचललं. नावाची पट्टी माझ्या पात्यांत आली. मी मुद्दाम अडले. मग तिने दुसरी फीत खिडकीच्या उजेडात धरली.

"हा बघ, बाजाराच्या गर्दीत तू. डोक्यावर नवीन तरबूश टोपी, मिशीला तेल. तूही मितवल्लीच ना? अब्रू झाकायची तर दोघांची झाकू. आधी कुणाला कापू?"

शहाता फितीतल्या स्वतःकडे बराच वेळ बघत राहिला. "अगं, मला पडद्यावर बघायला मी सगळ्या गल्लीला बोलावलंय..."

"मग सांग त्यांना, बहिणीने जोडलंय."

नाव राहिलं. पहिल्या खेळाला मी तिच्या पिशवीत होते. नाव पडद्यावर आलं तेव्हा कुणीच टाळी वाजवली नाही. मग तिने स्वतःच वाजवली, खणखणीत.

पुढे तिने अकरा चित्रपट जोडले. आता माझं टोक मोडलंय, खिळा सैल झालाय. तिची नात माझ्या पात्यांनी मुलुखियाची भाजी कापते. खुशाल कापा. पण कुणा बाईचं नाव कापायला मला मागाल, तर बोटं सांभाळा.