सरांच्या कॉम्प्युटरवरचा विक्रम

आमच्या शाळेच्या लॅबमधल्या कॉम्प्युटरांचा आनंदीआनंदच आहे. माउस आज हलवला तर बाण उद्या हलतो. तरीही ब्लॉक व्हायच्या राहिलेल्या एका साइटवरचा गेम आकाशनं एक मिनिट बावन्न सेकंदांत संपवला, आणि आठवडाभर तो दहावीच्या वर्गात छाती काढून फिरत होता. मला ते बघवेना.

चांगलं मशीन एकच, गोकुळ सरांचं. मधल्या सुट्टीत सर डबा खायला गेले तशी मी त्यांच्या खुर्चीत बसले. आमचा नियम आहे, घड्याळ लावायच्या आधी मशीन हलकं करायचं. उघडं असेल ते सगळं बंद. मी काही न वाचताच बंद केलं. एक मिनिट सत्तेचाळीस! पोरांनी बाकं बडवली.

सुट्टी संपल्यावर सर आले. मागं आमच्याच वर्गातली रत्नमाला आणि तिची आई. आई शेंद्र्याच्या कंपनीतली पाळी बुडवून सकाळपासून सरांशेजारी बसली होती. रत्नमालाच्या शिष्यवृत्तीचा फॉर्म भरत आणला होता, फक्त मोबाइलवर ओटीपी यायचा राहिला होता. मुदत आज पाचपर्यंत.

सर स्क्रीनकडं बघतच राहिले. "फॉर्म कुठं गेला?"



"सर, म्या इथं पिशवी ठिवली व्हती," आई घाबरून म्हणाली. "माझाच धक्का लागला असंल."

पोरं खाली बघत होती. खरं बोलायला तोंड उघडलं आणि निघालं भलतंच. "सर, मी भरून देऊ? माझा हात जलद चालतो."

साइट दोनदा बंद पडली. रत्नमालाचं आडनाव टाइप करताना मी तीनदा चुकले. आई एकेक कागद पुढं करत होती. "दमानं, बाई. घाई नगं करू."

पाचला सात मिनिटं असताना फॉर्म गेला. आईनं माझ्या डोक्यावर हात ठेवला. "लई उपकार केले, पोरी. माझ्या येडेपणानं लेकीचं वरीस गेलं असतं."

गप्प राहिले असते तर कुणालाच सांगावं लागलं नसतं. त्याचीच मला जास्त भीती वाटली.

"मावशी, फॉर्म मीच बंद केला. गेम खेळायला."

तिचा हात डोक्यावरून निघाला. माझ्या पुढ्यातले लेकीचे कागद तेवढे तिनं भराभरा उचलून घेतले.