पाव एकराची फुशारकी

मी एक जुनी खत पसरायची गाडी आहे. एक लोखंडी पेटी, तिच्या तळाला भोकांची रांग, दोन चाकं आणि ढकलायला दांडा, एवढाच माझा देह. दांड्याजवळ एक तबकडी आहे. ती फिरवली की भोकं लहानमोठी होतात. मित्रांनो, लोक माझ्याकडे डबा म्हणून बघतात. मीही त्यांच्याकडे फार आदराने बघत नाही. पंचेचाळीस वर्षं मी ओहायोतल्या या एकाच गल्लीत काढली, आणि इथे मोजून काम करणारं माणूस मला एकच भेटलं.

तिचं नाव अर्लीन स्ट्रूप. गावाबाहेरच्या धान्यकोठारात मक्यातला ओलावा मोजायची तिची नोकरी होती. मला दुकानातून आणलं त्या दिवशी तिचा नवरा लगेच पोतं फोडायला निघाला. अर्लीनने त्याला थांबवलं. तबकडीवरचे आकडे कारखान्याने छापलेत, त्यांना आपलं खत काय माहीत, असं तिचं म्हणणं. तिने गॅरेजपुढच्या सिमेंटवर ताडपत्री अंथरली, मला भरून मोजून पंचवीस फूट चालवलं, आणि खाली पडलेला दाणा न् दाणा झाडून स्वयंपाकघरातल्या काट्यावर तोलला. असं पाच वेळा. पाचव्यांदा वजन बरोबर आलं तेव्हा तिने तबकडीवर लाल नेलपॉलिशचा ठिपका दिला. आपण यंत्र आहोत हे मला त्या दिवशी कळलं.

तिचा हिशोब शाळकरी पोरालाही जमेल असा होता. पोत्यावर तीन आकडे असतात. त्यातला पहिला नत्राचा. पंचवीस लिहिलं असेल तर शंभर पौंड खतात पंचवीस पौंड नत्र. हजार चौरस फूट हिरवळीला एका खेपेला एक पौंड नत्र पुरे, म्हणजे असलं खत चार पौंड. अर्लीनची हिरवळ तिने टेपने मोजलेली, पाच हजार फूट. म्हणजे वीस पौंड. संपलं.

पण या गल्लीत कोणालाही विचारा, हिरवळ केवढी? छाती फुगवून उत्तर येतं, पाव एकर, म्हणजे जवळजवळ अकरा हजार फूट. जमिनीच्या कागदावर पाव एकर लिहिलंय ना! त्या पाव एकरात घर उभं आहे, गॅरेज आहे, गॅरेजपर्यंत दोन मोटारींचा रस्ता आहे, टोमॅटोचे वाफे आहेत. ते वजा केले तर निम्मीही हिरवळ उरत नाही. पण वजाबाकी केली की माणूस लहान होतो, अशी इथल्या पुरुषांची समजूत दिसते. ते सिमेंटच्या वाटणीचं खतही गवताच्याच माथी मारतात, आणि मग गवत पिवळं पडलं की खताच्या कंपनीला शिव्या देतात.

अर्लीनचा नवरा वारला. तिचे गुडघे गेले. मी बर्फाच्या फावड्यामागे सरकले आणि गंजत राहिले. गेल्या जूनमध्ये तिचा मुलगा क्रेग कोलंबस शहरातून आला. त्याने एका वृद्धनिवासाचा अर्ज आणला होता. आईला तिथे ठेवायचं आणि घर विकायचं. घराचे फोटो चांगले यावेत म्हणून हिरवळ हिरवीगार हवी. म्हणून मला बाहेर काढलं गेलं. पन्नास पौंडांचं पोतंही आलं.

अर्लीन पायरीवर बसून बघत होती. तिने विचारलं, एवढं खत कशाला? क्रेग म्हणाला, "आई, पाव एकर आहे आपलं. कागदावरच आहे की."

"कागदावर घरही आहे. छपराला खत घालणार आहेस का?"

कुंपणापलीकडून शेजारी नॉर्बर्ट हसला. "घालू दे गं अर्लीन. जास्त घातलं तर जास्त हिरवं होईल." हा माणूस दर उन्हाळ्यात जास्त खताने स्वतःचं गवत जाळतो.

क्रेग कुंपणाशी गेला आणि आवाज कमी न करता म्हणाला, "सकाळपासून तीनदा मला मामाच्या नावाने हाक मारली तिने. नावं गेलीच होती, आता हिशोबही चालला."

अर्लीनला ते ऐकू गेलं. मलाही. तिने हात लांब करून पलीकडे दाखवलं. मग म्हणाली, "मोटारीच्या रस्त्यापलीकडची पट्टी माझी. पाचशे फूट आहे. तिथे दोन पौंड घाल, काट्यावर तोलून. बाकी तुझ्या मनाने कर. माझी पट्टी वाईट दिसली तर तुझ्या अर्जावर मी सही करते."

क्रेगने हसत कबूल केलं. लहान मुलाची समजूत काढावी तसे दोन पौंड तोलले आणि तिच्या पट्टीवर मला लाल ठिपक्यावर लावून चालवलं. मग तबकडी वाटेल तशी फिरवली आणि उरलेलं सगळं पोतं बाकीच्या हिरवळीत रिकामं केलं. आठवडा कोरडा होता. पाणी द्यायचं त्याला सुचलं नाही. मी काय करणार? मला भोकं आहेत, तोंड नाही.

दोन आठवड्यांनी क्रेग आला. फोटो काढायला एक बाई बरोबर होती. समोरची हिरवळ वाळल्या मक्याच्या पानांसारखी झाली होती. मी जिथे जिथे वळले होते तिथे तर तपकिरी डाग. आणि मोटारीच्या रस्त्यापलीकडे एक अरुंद पट्टी दाट हिरवी उभी होती. बाईने फोटो न काढताच आपली मोटार वळवली.

क्रेग त्या दोन रंगांच्या मधे येऊन उभा राहिला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. अर्लीनने पायरीवरून विचारलं, "सही कुठे करायची, रॉय?" रॉय म्हणजे तिचा भाऊ.

या वेळी क्रेगने नाव दुरुस्त केलं नाही. "कुठेच नाही," तो म्हणाला. मग पायरीवर तिच्याशेजारी येऊन बसला. "आता किती घालू?"

"खत आता काही नाही. नुसतं पाणी. आणि तेही मोजून."

मित्रांनो, माझ्या चाकांना तेल द्या, नका देऊ, मला त्याचं काही नाही. पण मला भरण्याआधी टेप उचला. जमिनीतून घर वजा करा, मग स्वतःचा तोरा वजा करा. उरेल तेवढ्यालाच खत घाला.